इंगळू खातात काय?

गेले दोन महिने मी इंगळूंच्या गोष्टी लिहितेय. इंगळ म्हणजे निखारा, त्यावरून इंगळू. ज्वारीच्या दाण्याएवढा जीव, सहा पाय, पाठीवर एक बारीक चीर आणि त्या चिरेतून आतला उजेड दिसतो. राहतात राखमुलखात. रोज रात्री लेकीला एक पान वाचून दाखवते. परवा तिनं मधेच थांबवलं, "आई, पण हे खातात काय?"

माझ्याकडं उत्तर नव्हतं. पहिल्या खर्ड्यात ते काहीच खात नव्हते. जादूचे आहेत म्हणून जळत होते, एवढंच. वाचताना ते मलाही खोटं वाटायचं, का ते त्या रात्री कळलं. न खाता जळणारी आग मी जन्मात बघितलेली नाही.

माझं आजोळ भोगावती नदीच्या काठचं. दिवाळी झाली की गुऱ्हाळं सुरू व्हायची आणि आजोबा जळव्याच्या, म्हणजे चुलवाणात जाळ घालायच्या, कामावर जायचे. कोल्हापुरी गुळाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा सगळीकडं गुळव्यांचं, गूळ शिजवणाऱ्यांचं, कौतुक झालं, ते व्हायलाच हवं होतं. पण मला आठवतो तो खाली चुलवाणाच्या, त्या मोठ्या चुलीच्या, तोंडाशी बसलेला माणूस. चिपाड म्हणजे रस काढून उरलेला उसाचा चोथा. वाळलेलं चिपाड भुर्रकन पेटतं आणि तितक्याच लवकर विझतं. आजोबांचा हात सारखा मागं-पुढं चालायचा. चिपाड उचल, आत सार, काठीनं पसर. पुढच्या बाजूचे केस कायम करपलेले. वर काहिलीत उसाचा रस आणि खाली त्याच फडातल्या उसाचं आधी वाळवलेलं चिपाड. ऊसच उसाला शिजवतोय हे लहानपणी पहिल्यांदा ध्यानात आलं, तेव्हा मी किती तरी वेळ त्या जाळाकडं बघत बसले होते.

वर रसावरची मळी काढायचं चाललं की जाळ बेताचा. रस निवळला की मोठा. पाक दाटायला लागला की गुळव्या त्याचा थेंब गार पाण्यात टाकून बोटानं गोळी वळून बघायचा. साधारण ११८ अंशांच्या आसपासचा हा खेळ, हे पुढं वाचनात आलं. त्या वेळी आजोबा हात आखडता घ्यायचे. जळव्याची खरी परीक्षा तिथं असते, असं मला आजही वाटतं.

एकदा मी हट्टानं चिपाड सारायला बसले. भडका उठला की मजा वाटायची, म्हणून सारतच राहिले. वरून ओरडा आला तोवर काहिलीतलं आधण करपलं होतं. आजोबा मला रागावले नाहीत. रात्री घरी येताना एवढंच म्हणाले, "बाळे, आगीला भूक असती, अक्कल नसती. ती आपण ठेवायची."

तर आता राखमुलखात हाच कायदा आहे. चिपाडखाऊ इंगळू धांदरट, नाचरे, घटकाभर जगणारे. बाभळीचं लाकूड खाणारे जाड, संथ. त्यांची धग पहाटेपर्यंत टिकते. शेणी खाणारे म्हातारे, धुरात बसून कुजबुजणारे. इंगळूला जादा खाऊ घातलं की तो मोठा होत नाही, त्याची दोन पिल्लं होतात, मग चार, आणि बघता बघता सगळं गाव जातं. म्हणून तिथल्या प्रत्येक घरात एक जळवी असते आणि "आता पुरे" म्हणायचा हक्क फक्त तिचा.

त्यांची भाषा मला आईच्या चुलीनं दिली. दृष्ट काढून मीठ-मोहरी जाळात टाकली की तडतड व्हायची, ज्योत क्षणभर गडद पिवळी व्हायची. मिठाच्या खड्यात अडकलेल्या पाण्याची वाफ होते आणि खडा फुटतो. पिवळा रंग मिठातल्या सोडियमचा. हे कारण कळल्यावर मला ती तडतड जास्तच आवडायला लागली. इंगळूंना मीठ दिलं तरच बोलता येतं, म्हणून राखमुलखात मिठाची चिमूट जपून वापरतात.

युरोपात सोळाव्या शतकात पॅरासेल्सस नावाच्या वैद्यानं आगीत राहणाऱ्या जीवांना सॅलमँडर म्हटलं होतं. खरा सॅलमँडर म्हणजे पालीसारखा दिसणारा प्राणी, ओलसर जागी, कुजक्या ओंडक्यांखाली राहणारा. ओंडका चुलीत गेला की बिचारा बाहेर पळणार, आणि बघणाऱ्याला वाटणार, आगीतूनच जन्मला. ही गोष्ट मला फार जवळची वाटते. त्या बघणाऱ्यानंही जाळापाशी रात्र काढली असणार.

हे सगळं लेकीला वाचून दाखवलं. तिची पुढची शंका तयार होती, "मग झोपतात कधी?"

आजी रात्री निखारा राखेत पुरून ठेवायची. वारा लागत नाही, म्हणून तो हळूहळू धुमसत राहतो. सकाळी राख सारून चिपाडाची काडी लावायची आणि फुंकर मारायची. तेच लिहिलं. जळवी इंगळूंवर राखेचं पांघरूण घालते आणि पाठीवरची चीर मिटेपर्यंत शेजारी बसून राहते.

लेकीनं पान उलटं ठेवलं आणि स्वतःची गोधडी नाकापर्यंत ओढून घेतली.