नर नसलेली टाचणी

पोळा होऊन तीन दिवस झाले. आज उघाड.

बोडीत, म्हणजे लहान तळ्यात, शिंगाड्याच्या पानांवर टाचण्या, म्हणजे चतुरासारखे बारीक कीटक, बसल्यात. चतुर पंख पसरून बसतो, टाचणी बहुधा पाठीवर मिटून. इश्नुरा या गटातल्या टाचण्यांची एक जोडी मीलनाच्या चक्रात आहे: नराने शेपटाच्या चिमट्यात मादीची मान धरलीय आणि मादीचं पोट वाकून त्याच्या पोटाच्या छातीकडच्या टोकाला लागलंय.

याच गटातली इश्नुरा हस्ताटा ही जात अटलांटिकमधल्या अझोर्स बेटांवर आहे. तिथे तिचं असं चक्र दिसायचं नाही, कारण सगळ्या माद्याच. अमेरिकेत याच जातीत नरही असतात. बेटांवर मात्र अंडी नराविना फुटतात आणि त्यांतूनही माद्याच निघतात. २००५ साली हे प्रसिद्ध झालं.

नर दिसला नाही म्हणजे नर नाहीच, असं मात्र धरता येत नाही. जाळीत धरलेल्या मादीची अंडी फुटली तरी काही सिद्ध होत नाही; तिच्या पोटात आधीच्या नराचं बीज साठलेलं असू शकतं. म्हणून मादी अळीपासून एकटी वाढवावी लागते आणि मग तिची अंडी फुटतात का ते पाहावं लागतं.

एका पेल्यात एकच अळी. दोन ठेवल्या तर सकाळी एकच उरते. शेपटाला पानासारखे तीन कल्ले असतात. त्यातला एखादा तुटका दिसला तर शेजारणीने चावलं समजायचं. पाणी बोडीचंच, ब्लीचिंग टाकलेल्या विहिरीचं नको. खायला डासांच्या बारक्या अळ्या. पंखांच्या पिशव्या फुगल्या, खाणं थांबलं की तुराटीचा खडबडीत तुकडा चार-पाच इंच पाण्याबाहेर राहील असा उभा करायचा. काचेवर पाय टिकत नाहीत, मग कात टाकतानाच ती बुडते. बाहेर आल्यावर काही तास हात लावायचा नाही, ओले पंख कायमचे वाकतात.

पुढे आठवडाभर केळाच्या सालीवरची चिलटं. मग पेल्यात ओला टिपकागद. मादी कागदात अंडी खुपसते. तो कागद उथळ, स्वच्छ पाण्यात ठेवायचा. पाणी घाण झालं की बुरशी धरते. अंड्यात डोळ्यांचे दोन ठिपके उमटले की जीव धरला. आठ-पंधरा दिवसांत पिल्लं. त्यांना डासाची अळीही मोठी पडते, म्हणून तणीस भिजवलेल्या पाण्यातले सूक्ष्मजीव द्यायचे. ते पाणी दोन-तीन दिवस आधीच लावून ठेवावं लागतं, नाहीतर पिल्लं उपाशी मरतात.

उद्याला: टिपकागद, तुराटी, तणीस. गप्पी सोडलेल्या टाक्यात अळ्या शोधायला जायचं नाही, मासे त्या वेचून खातात.