'कतरा कतरा'मधल्या दोन आशाबाई

खरं सांगू का, लहानपणी मला वाटायचं आमच्या कॅसेटमध्येच घोळ आहे. 'इजाजत' सिनेमाच्या गाण्यांची कॅसेट होती, टू-इन-वनवर वाजून वाजून टेप सैल झालेली, आणि 'कतरा कतरा' लागलं की आशाबाईंचा (आशा भोसले) आवाज आशाबाईंवरच चढायचा, एक ओळ संपायच्या आत दुसरी सुरू. बाबा म्हणायचे हेड साफ कर, म्हणजे टेप वाचणारा तो भाग. स्पिरिट लावून केलं, फरक शून्य.

नंतर कुठेतरी वाचलं की संगीतकार पंचमने (आर. डी. बर्मन) आशाबाईंकडून दोन ट्रॅकवर, म्हणजे दोनदा वेगवेगळं, गाऊन घेतलंय आणि आवाज मुद्दाम एकमेकांवर टाकलेत. बरं, म्हटलं. पण तोवर माझ्याकडे होती १२८ केबीपीएसची, म्हणजे बरीच दाबून लहान केलेली एमपी३, तिच्यात ते नुसतं गिचमिड ऐकू यायचं. एमपी३ची गंमतच ती, मोठ्या आवाजाखाली दबलेला बारीक आवाज कुणाला कळतोय म्हणून उडवून टाकायचा, आणि इथे तर सगळी मजा त्या दबलेल्या आवाजात!

परवा सीडीवरून फ्लॅक (आवाजातलं काहीच न उडवणारी फाइल) करून घेतली, साधी सीडीच्याच दर्जाची, फार काही थोर नाही, आणि वायरवाला हेडफोन लावला (ब्लूटूथवाल्यांनी रागावू नये). एक बाई गातेय आणि तिची ओळ विरते न विरते तोच दुसरी तिला मधेच तोडतेय, दोघींचा श्वास वेगळा, मी तिथेच चार वेळा मागे नेऊन ऐकलं.

सिनेमा १९८७चा, गाणी चारच आणि चारही आशाबाईंची. 'मेरा कुछ सामान'ला गुलजार आणि आशाबाई दोघांनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि ते शब्द बघून पंचम वैतागून म्हणाले होते की उद्या पेपर आणून चाल लाव म्हणशील, हा किस्सा सगळ्यांना पाठ आहे. मला मात्र अजून 'कतरा कतरा'च वरचढ वाटतं. आणि हो, रिमास्टर म्हणून बास फुगवलेल्या आवृत्त्या मिळतात त्यांच्या वाटेला जाऊ नका, टेपची बारीक सरसर राहू दे की.

आईला म्हटलं ऐक. कुकर लावला होता तिने, नको नको म्हणत हेडफोन चढवला आणि मिनिटभराने अख्ख्या सोसायटीला ऐकू जाईल अशी ओरडली, "अरे, दोघी आहेत की रे!"

हेडफोन काही परत मिळाला नाही. शिट्ट्या मीच मोजल्या.