एकाच वाटीवर मांजर आणि रॅकून

शनिवार, रात्री

दोन प्राणी एका जागी निमूटपणे खाताना दिसले म्हणजे त्यांची मैत्री जमली, असे मला वाटत नाही, आणि आज सकाळी टोरांटोच्या लेकीशी याच गोष्टीवर बराच वेळ बोलणे झाले. घरामागच्या ओट्यावर ती एका भटक्या मांजरीसाठी रात्री खाणे ठेवते. आपल्याकडे सकाळचे साडेसात वाजतात तेव्हा तिच्याकडे आदल्या रात्रीचे दहा वाजलेले असतात, त्यामुळे तिथला सारा प्रकार मला फोनवर प्रत्यक्ष पाहता आला.

त्या खाण्यावर एक रॅकूनही आला होता; रॅकून म्हणजे उत्तर अमेरिकेतला, मांजरीहून थोडा मोठा असा रानटी प्राणी. तो मागच्या पायांवर बसला होता. त्याची नजर मांजरीवर खिळलेली होती आणि पुढचे दोन्ही पंजे मात्र पाण्याच्या भांड्यात खाण्याचा एकेक दाणा चाचपत होते. हातांकडे त्याने एकदाही पाहिले नाही. रॅकून खाणे धुऊन खातो असे म्हणतात, पण त्यात स्वच्छतेचा काही भाग नाही. पंजाची कातडी ओली झाली की तिची स्पर्शाची जाण वाढते, आणि त्याच्या मेंदूतला स्पर्शज्ञानाचा फार मोठा हिस्सा या पंजांसाठीच राखलेला असतो. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेत झालेल्या प्रयोगांत रॅकूनांनी १३ पैकी ११ कड्या-कुलपे उघडून दाखवली होती, आणि त्यांच्याच उपद्रवामुळे टोरांटो महापालिकेला २०१६ साली खिटी फिरवून उघडणारे कचऱ्याचे डबे आणावे लागले. इतका हुशार जीव आवडू नये असे मी कोणाला कशी सांगणार?

मांजर हातभर अंतरावर बसली होती. कान मागे पाडलेले, शेपूट अंगाशी घट्ट धरलेली. नातीला ती मैत्री वाटली. मला तो दोघांनी एकमेकांचा घेतलेला अंदाज वाटला. मोठी मांजर आणि रॅकून सहसा एकमेकांच्या वाटेला जात नाहीत, परंतु खाणे कमी पडले किंवा रॅकूनची मादी पिलांसह आली, तर भांडण जुंपते, आणि मांजरीच्या लहान पिलांना तर त्याच्यापासून खराच धोका असतो.

माणसांच्या बाबतीत माझी काळजी अधिक आहे. रॅकूनला रेबीज होतो. २०१५ च्या अखेरीस टोरांटोजवळच्या हॅमिल्टनमध्ये तो रॅकूनांत आढळला आणि तेव्हापासून त्या भागात लस घातलेले खाद्य टाकले जाते. दुसरी गोष्ट त्याच्या विष्ठेची. तो ठरावीक जागीच विष्ठा टाकतो, तिच्यात एका जंताची अंडी असू शकतात, ती मातीत वर्षानुवर्षे टिकतात आणि लहान मुलाच्या पोटात गेली तर मेंदूला व डोळ्यांना इजा करू शकतात. नातीचा वाळूचा हौद त्याच ओट्याला लागून आहे, हे ऐकल्यावर मला गप्प बसवेना.

इथे जुळे सोलापुरात आमच्या कुंपणाकडून मुंगूस येते आणि मांजरीच्या वाटीतले उरलेसुरले खाऊन जाते. मुंगसाचे दर्शन शुभ मानतात, म्हणून गल्लीत त्याला कोणी दगड मारत नाही. पण कोणी हाताने भरवतही नाही, आणि ते मला फार योग्य वाटते. पाऊल वाजले की ते पळते. ही भीतीच त्याला जगवते. रॅकूनची ती भीती एकदा गेली की तो दारे ओरबाडतो, माणसाच्या हातातले ओढायला येतो, आणि मग लोक पिंजरे लावायला लागतात. जपानमध्ये १९७० च्या दशकात लोकांनी हौसेने रॅकूनची पिले पाळायला आणली, ती मोठी होऊन आवरेनाशी झाल्यावर सोडून दिली, आणि आज तिथल्या शेतांचे व जुन्या मंदिरांचे नुकसान होते म्हणून त्यांची पिलावळ पकडून मारली जाते. माणसाच्या लाडाची किंमत त्या जनावराने मोजावी, हे मला सहन होत नाही.

लेकीने ऐकले. मांजरीला आता दिवसाउजेडी खायला द्यायचे, अंधार पडण्याआधी भांडी आत घ्यायची आणि वाळूच्या हौदावर झाकण टाकायचे, असे ठरले. नात मात्र रुसली; "आजी, मग तो उपाशी राहील ना?" म्हणाली. तिला मी सांगितले की किडे, बेडूक, फळे, झाडाखाली पडलेल्या बिया, जे सापडेल ते तो खातो, आणि त्यासाठी त्याला आपल्या वाटीची गरज नाही. तिला ते पटलेले दिसले नाही. पुढच्या शनिवारी पुन्हा बोलू, म्हणून मी फोन ठेवला.