मुलाखती उतरवून घेताना: माझा अनुभव

१९८२च्या गिरणी संपावरच्या माहितीपटाचं शूटिंग बिनबोभाट पार पडलं. सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंदाचं शटर ठेवलं. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइट लुकलुकली नाही. गाडी अडली ती टायपिंगपाशी.

चौदा तासांच्या मुलाखती शब्दशः हव्या होत्या, कारण पहिला एडिट कागदावरच होतो. काम बाहेर दिलं. तीन आठवडे ‘उद्या देतो’ ऐकलं आणि शेवटी हाती आला तो ‘स्वच्छ’ केलेला मजकूर. कोणी सांगितलं होतं स्वच्छ करायला? एक कामगार म्हणाले होते, ‘यंत्रं रात्रीतच हलवली म्हणे.’ कागदावर होतं, ‘यंत्रं रात्रीतच हलवली.’ ऐकीव सांगणारा माणूस थेट प्रत्यक्षदर्शी झाला! त्या कागदावरून बाइट (मुलाखतीतला फिल्ममध्ये घ्यायचा तुकडा) निवडली असती तर सबटायटलमध्येही तेच गेलं असतं. शेवटी हेडफोन लावून सगळं पुन्हा ऐकलं. तासभराच्या टेपला पाच तास लागतात, धीर ठेवा. काम देतानाच लिहून द्या: ‘म्हणे’, ‘बहुतेक’, ‘असं वाटतं’ यातलं काही गाळायचं नाही, थांबले तिथे तीन टिंबं.

मराठीत नकार वाक्याच्या शेवटी येतो, हेही कट मारताना नडतं. ‘संप चुकला असं मी म्हणत… नाही.’ मधल्या पॉझवर आउट पॉइंट (तुकडा जिथे संपवायचा ती जागा) पडला की माणूस उलट बोलतो, आणि वर गिरणीच्या चिमणीचा कटअवे (बोलणाऱ्याऐवजी दाखवलेलं दुसरं दृश्य) टाकला की कोणाला कळतही नाही. म्हणून शेवटच्या शब्दानंतर एक श्वास जाऊ द्यायचा, मगच कट.

दुसरा घोळ टाइमकोडचा, म्हणजे प्रत्येक फ्रेमला मिळणाऱ्या वेळेच्या आकड्याचा. कॅमेऱ्याचा टाइमकोड एका क्लिपमधून पुढच्या क्लिपमध्ये चालू राहतो. टायपिस्टच्या प्लेअरमध्ये मात्र प्रत्येक फाइल शून्यापासून सुरू. कागदावरचं ‘१२:४०’ एडिटिंगच्या टाइमलाइनवर कुठेच सापडेना. टायपिंगला देण्याआधी चित्रावर टाइमकोड छापलेली हलकी कॉपी काढा, मूळ रशेस (कच्चं फुटेज) देऊ नका. फोनवर घेतलेलं फुटेज असेल तर त्याआधी ते स्थिर २५ फ्रेमवर आणा. फोनचा वेग मागेपुढे होतो आणि वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज हळूहळू ओठांपासून सुटतो.

हो, आणि प्रत्येक खोलीत सगळ्यांना गप्प बसवून ३० सेकंद नुसती शांतता रेकॉर्ड करा, पंखा चालू असेल तर पंख्यासकट. बाइट जोडताना ती खाली अंथरली नाही तर दर कटावर पंखा बंद पडल्यासारखा वाटतो.