खाबारोव्स्कचे मत आणि मॉस्कोची उतरंड

९ जुलै २०२० रोजी रशियाच्या अतिपूर्वेकडील खाबारोव्स्क प्रांताचे निवडून आलेले गव्हर्नर सर्गेई फुर्गाल यांना अटक करून विमानाने मॉस्कोला नेण्यात आले. सुमारे पंधरा वर्षांपूर्वीच्या खुनांमागे त्यांचा हात होता, असा आरोप होता. दोन दिवसांनी, शनिवारी, खाबारोव्स्कच्या रस्त्यांवर हजारो लोक उतरले आणि पुढे कित्येक महिने दर शनिवारी उतरत राहिले. फुर्गाल निर्दोष आहेत, असे त्या सगळ्यांचे म्हणणे होते असे नाही. खटला चालवायचा तर तो इथे, खाबारोव्स्कमध्ये, आमच्यासमोर चालवा, ही त्यांची मागणी होती. मॉस्कोपासून हजारो किलोमीटर दूर असलेल्या आणि तिथल्यापेक्षा सात तास आधी सूर्य पाहणाऱ्या या शहराला स्वतंत्र देश नको होता. आपण मत देऊन बसवलेला माणूस दुसऱ्याच कोणीतरी उचलून नेऊ शकतो, हे त्याला मान्य नव्हते.

आपल्याकडचा राज्यपाल केंद्राने नेमलेला असतो, रशियातला गव्हर्नर मात्र प्रांताचा कार्यकारी प्रमुख, म्हणजे आपल्या मुख्यमंत्र्याच्या जागी असतो, एवढे ध्यानात ठेवले की त्या संतापाचे मोल कळते. ‘एवढा अवाढव्य देश खंबीर हाताशिवाय एकसंध राहूच शकत नाही’ हे वाक्य रशियाबद्दल बोलताना आपल्याकडेही फार सहज उच्चारले जाते, आणि ते ऐकले की मला खाबारोव्स्क आठवते. रशियात संघराज्य अपयशी ठरले म्हणून केंद्रीकरण आले, ही समजूत मला चुकीची वाटते. तिथे संघराज्य कधी नागरिकांच्या हाती आलेच नाही. ते आधी नेत्यांमधल्या सौद्यात अडकले आणि मग त्याच सौद्यांकडे बोट दाखवून मोडले गेले.

सोव्हिएत संघाच्या १९७७ च्या राज्यघटनेतील ७२ व्या कलमाने प्रत्येक संघ-प्रजासत्ताकाला संघातून बाहेर पडण्याचा अधिकार दिला होता. जगातल्या फार थोड्या राज्यघटनांनी एवढे औदार्य दाखवले असेल. पण त्याच घटनेच्या सहाव्या कलमाने कम्युनिस्ट पक्षाला समाजाची मार्गदर्शक शक्ती ठरवले होते, आणि पक्षात वरच्या समितीचा निर्णय खालच्या समितीला बंधनकारक असल्याने कागदावरची पंधरा प्रजासत्ताके प्रत्यक्षात एकाच कार्यालयाच्या शाखा झाली होती. त्यातही पायऱ्या होत्या. १९८९ मध्ये तातारस्तानची लोकसंख्या सुमारे ३६ लाख, म्हणजे एस्टोनियाच्या दुपटीहून अधिक होती. तरीही एस्टोनिया संघ-प्रजासत्ताक होते आणि तातारस्तान रशियाच्या पोटातले केवळ ‘स्वायत्त’ प्रजासत्ताक होते, म्हणून १९९१ मध्ये एक स्वतंत्र देश झाला आणि दुसरे रशियातच राहिले. रोमाश्किनोसारखे प्रचंड तेलक्षेत्र तातारस्तानच्या भूमीत असूनही त्या तेलाचे काय करायचे हे तातारस्तानच्या राजधानीत, काझानमध्ये, ठरत नव्हते, ही खंत तिथे जुनी होती.

ती खंत १९९० मध्ये राजकीय भांडवल बनली. सोव्हिएत संघाचे नेते गोर्बाचोव्ह आणि रशियाचे नेते येल्त्सिन या दोघांच्या स्पर्धेत स्वायत्त प्रजासत्ताकांचा पाठिंबा मोलाचा ठरला, आणि ऑगस्ट १९९० मध्ये काझानला गेलेल्या येल्त्सिन यांनी, जेवढे सार्वभौमत्व पेलवेल तेवढे घ्या, असे जाहीरपणे सांगून टाकले. त्याच महिन्याच्या ३० तारखेला तातारस्तानने सार्वभौमत्वाची घोषणा केली. मार्च १९९२ च्या सार्वमतात सुमारे ६१ टक्के मतदारांनी तिला कौल दिला, आणि त्या महिन्याच्या अखेरीस झालेल्या संघीय करारावर तातारस्तानने सही केली नाही. शेवटी १५ फेब्रुवारी १९९४ रोजी मॉस्को आणि काझान यांच्यात स्वतंत्र करार झाला. चेचन्या या दुसऱ्या प्रजासत्ताकावर मात्र मॉस्कोने रणगाडे पाठवले. ते युद्ध त्याच वर्षाच्या डिसेंबरात सुरू झाले. म्हणूनच तातारस्तानचे अध्यक्ष मिंतिमेर शायमियेव यांनी रक्ताचा थेंब न सांडता मिळवलेल्या त्या कराराचे श्रेय मी कमी करणार नाही.

मात्र त्या कराराचे मूळ दुखणेही तिथेच आहे. तो दोन कार्यकारी प्रमुखांमधला करार होता आणि देशाच्या संसदेपुढे मंजुरीसाठी ठेवलाच गेला नाही. मग प्रत्येकाला तसाच करार हवा झाला, आणि १९९८ पर्यंत ८९ पैकी ४६ घटकांनी मॉस्कोशी आपापला करार पदरात पाडून घेतला. ज्याच्याकडे तेल, हिरे किंवा मतांचा गठ्ठा होता त्याला जास्त मिळाले. जिथे सौदा करण्याजोगे काही नव्हते तिथे, म्हणजे साध्यासुध्या रशियन प्रांतांत, स्वायत्तता हा बड्यांचा खेळ आहे अशी भावना रुजली. १९९३ मध्ये स्वेर्दलोव्स्क प्रांताचे प्रमुख एदुआर्द रोसेल यांनी आम्हालाही प्रजासत्ताकांइतकेच अधिकार द्या म्हणत ‘उराल प्रजासत्ताक’ घोषित केले, तर येल्त्सिन यांनी ते चार महिन्यांत बरखास्त केले. मला ही घटना फार महत्त्वाची वाटते, कारण समान अधिकारांचे संघराज्य मागणारा तो विरळा प्रयत्न होता आणि तो मोडणारा माणूस मॉस्कोतला लोकशाहीवादी म्हणून ओळखला जात होता.

मिळालेली सत्ता प्रांतांच्या प्रमुखांनी कशी वापरली, हेही लपवण्यात अर्थ नाही. बाश्कोर्तोस्तानमध्ये मुर्ताझा राखिमोव्ह आणि कल्मिकियात किर्सान इल्युमझिनोव्ह हे १९९३ पासून २०१० पर्यंत सत्तेवर राहिले, आणि या काळात तिथली वृत्तपत्रे व विरोधक मोकळा श्वास घेऊ शकत नव्हते. प्रांताला अधिकार मिळाले, प्रांतातल्या माणसाला मिळाले नाहीत. म्हणूनच मे २००० मध्ये नव्या राष्ट्राध्यक्षांनी या संस्थानिकांना वेसण घालायला सुरुवात केली तेव्हा अनेक सामान्य रशियन नागरिकांना ते आपल्याच बाजूचे पाऊल वाटले.

शपथविधीनंतर आठवड्याच्या आत, १३ मे २००० रोजी, पुतिन यांनी देशाची सात संघीय मंडळांत विभागणी करून प्रत्येकावर आपला प्रतिनिधी बसवला; त्या सातांपैकी पाच जण लष्कर, गुप्तचर यंत्रणा किंवा पोलीस खात्यातून आलेले होते. गव्हर्नरांना वरिष्ठ सभागृहात आपोआप मिळणारी जागा त्याच वर्षीच्या कायद्याने काढून घेण्यात आली. मूल्यवर्धित कराचा प्रांतांकडे राहणारा १५ टक्के वाटा २००१ पासून संपला, आणि तेलाच्या उत्खननावरील करातला प्रांतांचा वाटा टप्प्याटप्प्याने घटत २०१० मध्ये शून्यावर आला. सायबेरियातल्या ज्या भागांतून देशाचे तेल निघते त्यांचे अर्थसंकल्प मॉस्कोच्या मर्जीवर आले, आणि ज्याच्या तिजोरीची किल्ली दुसऱ्याकडे असते त्याला हुकूम द्यावा लागत नाही, तो आधीच ओळखून वागतो.

मग बेस्लान घडले. १ सप्टेंबर २००४ ला उत्तर ओसेतियातल्या त्या शाळेवर दहशतवाद्यांनी ताबा मिळवला आणि तीन दिवसांत ३३० हून अधिक माणसे मेली, त्यांत निम्म्याहून अधिक मुले होती. दहाच दिवसांनी पुतिन यांनी गव्हर्नरांच्या थेट निवडणुका बंद करण्याचा निर्णय जाहीर केला. ओलिसांची सुटका करण्याची कारवाई केंद्रीय यंत्रणांच्या हातात होती; अपयश कोणाचे असेल तर ते त्यांचे होते. तरीही शिक्षा झाली ती मतदारांना. मुलांच्या मृतदेहांआड उभे राहून घटनात्मक बदल करणे मला आजही अक्षम्य वाटते.

२०११-१२ च्या हिवाळ्यातल्या मोठ्या निदर्शनांनंतर या निवडणुका परत आल्या, पण एका चाळणीसह. उमेदवाराने प्रांतातल्या स्थानिक लोकप्रतिनिधींपैकी ५ ते १० टक्के जणांच्या सह्या आणल्या पाहिजेत, अशी अट घालण्यात आली, आणि बहुतेक स्थानिक सभागृहे सत्ताधारी ‘संयुक्त रशिया’ पक्षाच्या ताब्यात असल्याने आपला प्रतिस्पर्धी कोण असावा हे सत्ताधारीच ठरवू लागले. खाबारोव्स्कमध्ये २०१८ साली ही चाळणी निकामी झाली. सरकारला फारसा धोका न वाटणाऱ्या पक्षाचे फुर्गाल लोकांनी दुसऱ्या फेरीत सुमारे ७० टक्के मतांनी निवडून दिले, ते बहुतांशी विद्यमान गव्हर्नरवरच्या रागातून. त्याच डिसेंबरात अतिपूर्व संघीय मंडळाची राजधानी खाबारोव्स्कहून व्लादिवोस्तोकला हलवण्यात आली. फुर्गाल यांच्या जागी ज्यांना पाठवले त्यांचा या प्रांताशी संबंध नव्हता, आणि २०२३ मध्ये मॉस्कोजवळच्या न्यायालयात फुर्गाल यांना २२ वर्षांची शिक्षा झाली.

पण संघराज्य कसे मोडते हे नीट समजून घ्यायचे तर इंगुशेतियाकडे पाहावे. हे क्षेत्रफळाने रशियातले सर्वांत लहान प्रजासत्ताक. २६ सप्टेंबर २०१८ रोजी त्याच्या प्रमुखांनी शेजारच्या चेचन्याचे प्रमुख रमझान कादिरोव्ह यांच्याशी सीमा बदलण्याचा करार केला, आणि तो जनतेला जवळजवळ अंधारात ठेवून झाला. सीमाप्रश्न म्हणजे काय, हे मराठी वाचकाला वेगळे सांगायला नको. इंगुशेतियाच्या ‘मागास’ नावाच्या राजधानीत हजारो लोक जमले, वयोवृद्ध मंडळी पुढे होती, रस्त्यावरच नमाज पढली जात होती, आणि निदर्शने शांततेत चालली होती. ३० ऑक्टोबरला इंगुशेतियाच्या घटनात्मक न्यायालयाने निकाल दिला की सार्वमताशिवाय असा करार होऊ शकत नाही. छोट्याशा प्रजासत्ताकाच्या न्यायालयाने दाखवलेले हे धैर्य थोर होते. ६ डिसेंबरला देशाच्या घटनात्मक न्यायालयाने करार वैध ठरवला. आंदोलनाच्या नेत्यांना २०२१ मध्ये साडेसात ते नऊ वर्षांच्या कैदेच्या शिक्षा झाल्या. आणि प्रजासत्ताकांची घटनात्मक न्यायालये? २०२३ उजाडेपर्यंत ती सगळीच कायद्याने बंद करण्यात आली.

इथे भारताचा विषय निघणे साहजिक आहे, आणि तो प्रामाणिकपणे काढला पाहिजे. आपल्या राज्यघटनेच्या तिसऱ्या कलमानुसार राज्याची सीमा संसद बदलू शकते. त्यासाठी राज्याची संमती लागत नाही, फक्त विधिमंडळाचे मत मागवावे लागते. म्हणजे या एका बाबतीत आपला कागद रशियाच्या कागदापेक्षा कमी उदार आहे. पण काझानचा करार झाला त्याच्या पुढच्याच महिन्यात, मार्च १९९४ मध्ये, बोम्मई खटल्यात आपल्या सर्वोच्च न्यायालयाने राज्य सरकार बरखास्त करण्याचा निर्णय तपासण्याचा अधिकार न्यायालयाला असल्याचे सांगितले, आणि त्यानंतर ३५६ व्या कलमाचा सर्रास वापर कमी झाला. घटनेतल्या शब्दांपेक्षा ते शब्द केंद्राविरुद्ध वापरू शकणारे न्यायालय असणे आणि केंद्रातली सत्ता मतपेटीतून बदलत राहणे, हे मला अधिक निर्णायक वाटते.

भाषेची कथाही याच वाटेने गेली. तातारस्तानच्या शाळांत तातार भाषा सर्वांना शिकावी लागे. जुलै २०१७ मध्ये पुतिन यांनी, जी भाषा आपली नाही ती शिकण्याची सक्ती कोणावर करता येणार नाही, अशी भूमिका मांडली. काझानशी नंतर झालेला दुसरा करारही ऑगस्टमध्ये मुदत संपून विझला, शरद ऋतूत सरकारी वकिलांच्या तपासण्या शाळाशाळांतून सुरू झाल्या, आणि २०१८ च्या कायद्याने प्रजासत्ताकांच्या भाषांचे शिक्षण ऐच्छिक झाले; रशियन मात्र सर्वांना अनिवार्यच राहिली. १० सप्टेंबर २०१९ रोजी उदमुर्तिया प्रजासत्ताकातल्या इझेव्स्क शहरात उदमुर्त अभ्यासक आल्बेर्त राझिन यांनी प्रजासत्ताकाच्या विधिमंडळासमोर स्वतःला पेटवून घेतले. ते ७९ वर्षांचे होते. मला पितृभूमी आहे का, असा प्रश्न त्यांच्या हातातल्या फलकावर होता.

या सगळ्यात चेचन्या हा अपवाद सांगितला जातो, आणि तो अपवादच सारे उघड करतो. तिथला प्रमुख स्वतःची सशस्त्र दले बाळगतो, रशियाचे कायदे तिथे सोयीपुरते लागू होतात, आणि अर्थसंकल्पाचा बहुतांश पैसा मॉस्कोहून येतो. केंद्राला स्वायत्ततेचे वावडे नाही. एका माणसाशी निष्ठा असेल तर हवी तेवढी स्वायत्तता मिळते. निवडणूक, न्यायालय किंवा भाषा यांच्या आधाराने मागितली तर मात्र मिळत नाही.

आणि हा प्रश्न केवळ बिगर-रशियन समाजांचा नाही, हे शियेसने दाखवले. आर्खांगेल्स्क प्रांतातल्या शियेस या आडवाटेच्या रेल्वे स्थानकाजवळ मॉस्कोचा कचरा आणून टाकण्याची योजना २०१८ मध्ये उघडकीस आली. दलदलीच्या त्या प्रदेशात लोकांनी तंबू ठोकले, कडाक्याच्या थंडीत पहारे दिले, आणि २०२० मध्ये प्रकल्प रद्द करायला लावला. आंदोलकांना हिणवणाऱ्या गव्हर्नरलाही त्याच वर्षी पद सोडावे लागले. संपत्ती मॉस्कोला आणि मॉस्कोचा कचरा आपल्याला, हा हिशेब तिथल्या रशियन माणसाला कोणी पुस्तकातून शिकवला नव्हता.

उद्या रशियात सत्ताबदल झाला तर प्रांतांचे नेते पुन्हा मॉस्कोला सौदे करायला धावतील, याची मला धास्ती वाटते, कारण १९९० च्या दशकात नेमके तेच झाले. त्या वेळी पहिले काम नवे करार लिहिण्याचे नसावे. कराचा ठरलेला वाटा सर्व घटकांना सारख्याच सूत्राने देणे, सह्यांची चाळणी काढून टाकणे आणि इंगुशेतियाच्या न्यायालयासारखी न्यायालये पुन्हा उभी करणे, ही कामे आधी व्हायला हवीत. जानेवारी २०२४ मध्ये बाश्कोर्तोस्तानच्या बायमाक गावी फाइल आल्सिनोव्ह या कार्यकर्त्याला चार वर्षांची शिक्षा झाली, तेव्हा हाडे गोठवणाऱ्या थंडीत हजारो लोक न्यायालयाबाहेर उभे होते. युद्धकाळातल्या रशियात, अटकेची खात्री असताना, ते आले होते. संघराज्य मागणारी माणसे तिथे आहेत, आणि ती कोणाच्या परवानगीने आलेली नाहीत.