पान्योलला रकाना नाही

महोत्सवाच्या वेळापत्रकाच्या शीटमध्ये दिग्दर्शकाचा रकाना भरल्याशिवाय पुढे सरकता येत नाही. लेखक-निर्मात्याला रकानाच नाही. त्यामुळे फ्रेंच लेखक-निर्माता मार्सेल पान्योलची मार्सेय-त्रयी, म्हणजे मार्सेय बंदरातल्या एकाच गोष्टीचे तीन चित्रपट, तिघा दिग्दर्शकांच्या नावावर गेली: 'मारियूस' (१९३१) कोर्डा, 'फानी' (१९३२) आलेग्रे, 'सेझार' (१९३६) पान्योल. यादी आडनावांनी लागली आणि सकाळी 'फानी', दुपारी 'मारियूस' असा क्रम छापून आला. म्हणजे नायक बोटीवर पळून जायच्या आधीच त्याचं पोर जन्माला आलेलं. प्रूफ तिघांनी वाचलं होतं म्हणे.

क्रम फिरवणं म्हणजे नुसती वेळ बदलणं नव्हे, हे प्रोग्रामिंगवाल्यांना दर वर्षी नव्याने सांगावं लागतं. कुलूपबंद डीसीपीची (थिएटरला येणाऱ्या चित्रपटाच्या डिजिटल प्रतीची) किल्ली, म्हणजे केडीएम, एका विशिष्ट सर्व्हरसाठी आणि ठरावीक तासांपुरतीच काढलेली असते. स्क्रीन तीनची किल्ली स्क्रीन एकला चालत नाही. फिल्म सर्व्हरवर चढते, प्लेलिस्टमध्ये बसते, प्ले दाबलं की नकार. नव्या किल्ल्या मागवायच्या तर हिवाळ्यात पॅरिस आपल्यामागे साडेचार तास. आपली जेवणं उरकेपर्यंत तिकडे कुणी फोन उचलत नाही. आदल्या संध्याकाळी किल्ल्या आल्या, क्रम सुधारला.

मग चित्र. सुरुवातीच्या बोलपटांत ध्वनिपट्टीने फिल्मवरची जागा खाल्ल्यामुळे 'मारियूस'ची चौकट जवळजवळ चौकोनी, १.१९:१. १९९८ × १०८० च्या डीसीपीत ती साधारण १२८५ पिक्सेल रुंद बसते, दोन्ही बाजूंना काळे पट्टे. मल्टिप्लेक्सच्या ऑपरेटरला पट्टे म्हणजे बिघाड वाटतो. त्याने झूम मारून पडदा भरला, की उंचीचा तिसऱ्या हिश्श्याहून जास्त भाग जातो: वरून डोकी, खालून सबटायटल्स. टेस्टला नेमकं हेच झालं. फ्लॅटचा (१.८५:१ चौकटीचा) मूळ प्रीसेट लावायचा आणि लेन्सला हात लावायचा नाही, असं कागदावर लिहून रॅकला चिकटवलं.

खरी कसोटी आवाजाची. ट्रॅक मोनो, फक्त मधल्या स्पीकरला. प्रोसेसरवर सराउंडचा अपमिक्स, म्हणजे मोनो आवाज सगळ्या स्पीकरांत पसरवणं, चालू राहिला तर तोच संवाद मागच्या भिंतीतून घुमतो. फेडरचा, म्हणजे आवाजाची पातळी ठरवणाऱ्या बटणाचा, संदर्भबिंदू ७; तक्रारी येतात म्हणून थिएटरवाले एरवी तो साडेचार-पाचवर ठेवतात. तेवढ्यावर 'मारियूस'मधला बारमधला पत्त्यांचा डाव एसीच्या घरघरीत बुडतो. त्या प्रसंगात घडत काहीच नाही. बारमालक सेझार जोडीदाराला बदामाची खूण पोचावी म्हणून हृदय दुभंगल्याचं रडगाणं लावतो, समोरचा पानीस चिडतो, एवढंच. सगळा जीव सेझार झालेल्या रेमूच्या आवाजात आणि त्याच्या थांबण्यात. साडेसहावर लावला, आणि मागच्या रांगेतूनही हशा आला.

पान्योल हा कॅमेऱ्याचा माणूस नव्हताच. इंग्रजीचा शिक्षक, मग नाटककार. 'मारियूस' १९२९ मध्ये पॅरिसच्या रंगभूमीवर गाजलं. पॅरामाउंटने पडद्यावर आणायला कोर्डा दिला, पण रेमू, फ्रेने, देमाझिस हे मूळ नट पान्योलने सोडले नाहीत. पुढे स्वतःची कंपनी, मार्सेयला स्वतःचा स्टुडिओ आणि लॅब. बाहेर चित्रीकरण असलं की हा ध्वनिमुद्रणाच्या गाडीत बसून संवाद ऐकायचा, अशी ख्याती. १९४६ मध्ये आकादेमी फ्रान्सेझवर, म्हणजे फ्रेंच भाषेच्या मानाच्या संस्थेवर, निवडून गेलेला तो पहिला चित्रपटकार. अशा माणसाची त्रयी त्याच्याच नावाखाली लावा, एवढं माझं म्हणणं.

प्रोग्रामिंगवाल्यांनी विचारलं, मग उद्या सलीम-जावेदना पण रकाना देणार का? द्यावा की. त्यांचा दुसरा प्रश्न मात्र अडवतो: आलेग्रेने काय केलं मग? 'फानी'त दिवस गेल्याचं कळल्यावर नायिका फानी मार्सेयच्या गर्दीतून चालत टेकडीवरच्या चर्चकडे निघते. कॅमेरा खऱ्या रस्त्यावर तिच्याबरोबर सरकतो, आणि हे पान्योलच्या संवादांवर चाललेलं नाही. तेवढ्यापुरता आलेग्रेचा हक्क मला नाकारता येत नाही. पण तेवढ्यासाठी अख्खी 'फानी' त्याच्या खात्यावर टाकायची, हेही पटत नाही.