पारसिक हिल, जुलैचा पाऊस आणि गारठलेला चिकू

रविवारी सकाळी साडेसहाला नेरूळहून रिक्षाने निघालो तेव्हा नुसती भुरभुर होती. नवी मुंबईतल्या पारसिक हिलला वरपर्यंत डांबरी रस्ता आहे, म्हणून चिकूला घेऊन मी नेहमी तिथेच जाते. चिकू म्हणजे माझा दहा वर्षांचा डॅशहंड जातीचा कुत्रा. पाय एवढेसे, त्यामुळे ओल्या रस्त्याचं सगळं पाणी पोटाला लागतं.

अर्ध्या चढावर पाऊस कोसळायला लागला. तिथूनच परत फिरायला हवं होतं. आम्ही वर गेलो, एका पत्र्याच्या शेडखाली थांबलो, आणि खाडीवरून येणारा वारा पाऊण तास अंगावर घेतला. चिकू आधी थडथड कापत होता. मग कापणं थांबलं आणि तो मुटकुळं करून पडला. मला वाटलं, बरं झालं, निवला.

ते निवणं नव्हतं. कापून कापून शरीर ऊब तयार करतं. अंग गारच असताना ते थांबलं, तर शरीर थकलं असं समजा. उतरायला उठवलं तर त्याचे पुढचे पाय लटपटले. ओठ वर करून पाहिलं, एरवी गुलाबी असणाऱ्या हिरड्या पांढुरक्या. कान बर्फासारखे. हवा पंचविशीच्या आसपास असेल, पण केस भिजले की त्यांची ऊब संपते आणि उरलेली वारा नेतो. लहान चणीची, म्हातारी, हडकुळी कुत्री आणि पिल्लं लवकर गारठतात.

रिक्षावाल्या दादांनी दोन्ही बाजूंचे पडदे सोडले आणि सीटखालचं कोरडं फडकं काढून दिलं. मी त्याला टिपून कुर्त्याच्या आत पोटाशी धरलं आणि डॉक्टरांना फोन लावला. त्यांनी सांगितलं ते तुम्हीही लक्षात ठेवा. आधी कोरडं करा, पण पाय जोरात चोळू नका. ऊब छातीपोटाला द्या. हातपाय आधी तापवले तर तिथलं गार रक्त हृदयाकडे जातं. गरम पाण्याची पिशवी टॉवेलात गुंडाळूनच ठेवा, गारठलेली कातडी पटकन भाजते आणि कुत्रं ओरडतही नाही. हेअर ड्रायर आणि गरम पाण्याची आंघोळ नको. शुद्ध हरपत असेल तर तोंडात पाणीसुद्धा घालायचं नाही, ब्रँडी तर कधीच नाही.

घरी व्हॅसलीन लावून गुदद्वारात थर्मामीटर धरला : ९५.६. कुत्र्याचं नेहमीचं तापमान १०१ ते १०२.५ फॅरनहाइट. ९८ च्या खाली गेलं तर डॉक्टरांकडे न्यायचंच, आणि डिजिटल थर्मामीटरवर आकड्याऐवजी ‘लो’ दिसलं तर एक मिनिटही घरी थांबू नका. आम्ही पिशव्यांसकट रजईत गुंडाळून त्याला दवाखान्यात नेलं. वाटेत तो पुन्हा कापायला लागला तेव्हा मला रडूच आलं.

पावसाळ्यात वर जाणार असाल तर प्लास्टिकच्या पिशवीत दोन कोरडे टॉवेल न्या. वरच्या शेडमध्ये पाऊस लागत नाही, वारा मात्र आरपार येतो. तिथे थांबण्यापेक्षा उतरा. रिक्षावाल्याचा नंबर घेऊन ठेवा, परतीला वर रिक्षा मिळत नाही.

चिकू आता जेवतोय. या वयात थायरॉइड कमी पडत असेल तरी कुत्रं असं गारठतं, म्हणून डॉक्टरांनी रक्त घेतलंय. रिपोर्ट बुधवारी येईल.